गवराईच्या झाडाची फळछाटणी

पोळा झाला की माझं घरात लक्ष लागत नाही. इंदिरानगरच्या आमच्या फ्लॅटला पुढे एक लांबट गॅलरी आहे, तिच्यात मी या टोकापासून त्या टोकापर्यंत येरझाऱ्या घालते. गॅसवर चहा ठेवते आणि विसरते. नवरा म्हणतो, "तुझ्या पायाला भिंगरी आहे, श्रावण संपला की फिरायला लागते." गेली कित्येक वर्षं तो हेच म्हणतोय आणि दर वेळी आज पहिल्यांदाच सुचल्यासारखा स्वतःच हसतो. मला हसू येत नाही. पोळ्यापासून दसऱ्यापर्यंतचे दिवस माझ्यासाठी एका झाडाचे आहेत, आणि त्या झाडापायी मी सख्ख्या भावाशी दोन वर्षं बोलले नाही.

माझं माहेर सायखेड्याचं. गोदावरीच्या काठाला आमचा द्राक्षांचा मळा, आणि मळ्यासमोर नदीच्या पात्रात एक बेट. बेट म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे समुद्र येतो. आमचं बेट म्हणजे पात्रात मधोमध उरलेला माती-गोट्यांचा उंचवटा, लग्नाचा बऱ्यापैकी मांडव पडेल एवढा. पण चारी बाजूंनी पाणी, म्हणून बेट. त्याच्यावर एक झुडूप उगवायचं, ते काठावर कुठेही उगवत नसे. आमच्या बांधावर नाही, पलीकडच्या तीरावर नाही. उंचीला माणसाएवढं, पत्त्यातल्या बदामासारखी मऊ पानं, आणि भाद्रपदात फिकट पिवळी फुलं. फुलाच्या मधोमध कुंकवाचं बोट टेकवावं तसा लाल ठिपका. पान चुरगळलं की कैरीचा वास यायचा. त्याला नाव असं काही नव्हतं. गवराईला लागतं म्हणून गवराईचं झाड.

इतर गावांत गवराई तेरड्याच्या रोपांवर घरात येते. आमच्या काठाकडच्या घरांना मात्र बेटावरची फुललेली फांदीच लागायची. ती मुखवट्यामागे खोवायची आणि तिसऱ्या दिवशी नदीत सोडायची. फांद्या आणायचं काम माझं होतं. ट्रॅक्टरच्या जुन्या ट्यूबमध्ये हवा भरून, तिच्यावर फळी टाकून मी आणि दादा पलीकडे जायचो. दादा ट्यूब धरून उभा राहायचा आणि मी सटासट फांद्या मोडायची. एका खेपेत दहा-बारा घरांच्या. बायका कौतुक करायच्या, पोरगी मोठी हुशार म्हणायच्या. त्या कौतुकाची मला आता लाज वाटते, पण तेव्हा मी फार फुशारले होते हे खोटं नाही. गावात त्या झाडाचं फळ कुणी पाहिलं नव्हतं. फळ धरेपर्यंत फांदी झाडावर राहू दिली असती तर दिसलं असतं.

पुढे लग्न होऊन मी नाशिकला आले आणि एका कॉलेजात वनस्पतिशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक म्हणून लागले. झाडांचे नमुने वर्तमानपत्रांच्या घडीत दाबायचे, रोज कागद बदलायचे, वाळले की जाड कागदावर शिवायचे आणि खाली चिठ्ठी लावायची, हे माझं काम. एका वर्षी माहेराहून परत येताना गवराईची एक फांदी पिशवीत राहून गेली. नदीत सोडायची विसरलेली. टाकवेना, म्हणून ती मी दाबून ठेवली. आमच्या विभागातल्या मॅडमनी ती पाहिली आणि त्या दिवशी त्या डबा खायलाही उठल्या नाहीत. पुढचे पंधरा-वीस दिवस जाडजूड पुस्तकं काढून बसल्या. मग मला बोलावून म्हणाल्या, "बाई, हे पेटारीच्या कुळातलं आहे, पण पेटारी नाही. मला कुठेच सापडत नाही. तुमच्या बेटाशिवाय हे दुसरीकडे आहे की नाही, तेही सांगता येत नाही. फळ आणा. पिकलेलं फळ आणि बी. त्याशिवाय कुणी खात्रीने काही बोलणार नाही."

पेटारी म्हणजे रस्त्याकडेला, पडीक जागी कुठेही उगवणारं पिवळ्या फुलाचं तण. त्याच्या कुळातलं काहीतरी जगावेगळं आमच्या मळ्यासमोर उभं होतं आणि मी ते वर्षानुवर्षं मोडून वाटत होते.

"आणते की पुढच्या वर्षी," मी म्हटलं. मंडईतून कोथिंबीर आणायची असावी तसं. कागदाच्या चिठ्ठीवर पान, फूल, जागा, सगळं लिहिलं आणि फळाच्या रकान्यात माझ्या अक्षरात लिहिलं, 'पुढच्या वर्षी जोडणे'. मग मुलांच्या शाळा आल्या, सासूबाईंचं आजारपण आलं, कॉलेजच्या परीक्षा आल्या. गवराईला मी दर वर्षी सायखेड्याला जायची, फांदी मुखवट्यामागे खोवायची आणि दसऱ्याला फळ आणायला जायचं राहून जायचं. गेले असते तरी काय मिळालं असतं? फांद्या मोडलेल्याच असायच्या. निवृत्त झाले त्या वर्षी मोकळ्या डोक्याने बेटाकडे पाहिलं तेव्हा तिथे एकच झुडूप उरलं होतं.

कसं उरलं ते सांगते, म्हणजे सगळं खापर गवराईच्या डोक्यावर फुटायला नको. उन्हाळ्यात पाणी उतरलं की बेटावर ट्रॅक्टर जायचे. तिथली पोयट्याची माती भारी, लोक ती वावरात टाकायचे. कुणीतरी शेळ्या नेऊन सोडायचं, बेटावर त्यांना राखावं लागत नाही म्हणून. आणि सगळ्यात वाईट ती पाणवेल, म्हणजे जलपर्णी. आम्ही लहान असताना नदीत ती एवढी नव्हती. आता पावसाळ्यात वरून तिचे हिरवेगार तराफे येतात, सायखेड्याच्या पुलाला अडकतात आणि पाणी फुगलं की बेटावरून खरवडत जातात. कोवळं रोप त्याखाली टिकत नाही. ही पाणवेल पोसते कशावर? शहराच्या सांडपाण्यावर. म्हणजे माझ्यावरच. आमच्या न्हाणीतलं पाणी नासर्डीत, नासर्डीचं गोदावरीत, आणि गोदावरी जाते माझ्या माहेरी. हे डोक्यात बसल्यापासून मी भांड्यांना साबण कमी लावायला लागले. नवरा म्हणाला, "तुझ्या एका कढईने गोदावरी सुधारणार आहे का?" नाही सुधारणार, मलाही कळतं. पण हाताला चैन पडेना.

मग मी दादाला गळ घातली. दादा माझ्याहून आठ वर्षांनी मोठा. पन्नास वर्षं द्राक्षं केलेला माणूस. बोलणं कमी, आवाज खाली, आणि वेलीच्या काडीवर बोट फिरवून आत घड आहे की नाही सांगणारा. मी म्हटलं, "दादा, या वर्षी एकही फांदी मोडायची नाही. फळ धरू द्यायचं. ते पिकलं की माझ्या हातात आणून द्यायचं. हे शेवटचं झाड आहे रे."

"बरं," तो म्हणाला. त्याच्या तोंडून बरं निघालं की काम झालं असं समजायचं.

तो काठाकडच्या घराघरांत गेला. टोपी काढून सांगितलं, म्हणे, की औंदा फांदी नको, तेरड्यावर भागवा. वहिनीने पन्नास वर्षांत पहिल्यांदा फांदीशिवाय गवराई बसवली. आळीतल्या बायका तिला म्हणाल्या, "शिकलेल्या नणंदेच्या नादी लागून घरची रीत मोडली व्हय!" वहिनीने मला हे फोनवर सांगितलं तेव्हा ती हसत होती, पण गवराईपुढे तिने नाक घासून माफी मागितली होती, हेही तिनेच सांगितलं. मला जायला जमलं नव्हतं. नवऱ्याच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन नेमकं त्याच आठवड्यात होतं, आणि नंतर दर तीन तासांनी त्याच्या डोळ्यात थेंब घालायचे होते. मी थेंब घालायची आणि फोन करायची. सकाळी एक, संध्याकाळी एक. फुललं का? फुललं. शेळ्या नाहीत ना? नाहीत. आता फळ दिसतंय का?

एका संध्याकाळी दादाने विचारलं, "बाई, फळ दिसतं कसं गं त्याचं?"

त्या वेळी नवरा आतून हाका मारत होता, दारात गॅसवाला उभा होता. मी खेकसले, "फळासारखं दिसतं! दुसरं कसं दिसणार?" आणि फोन ठेवला.

खरं तर मला तरी कुठे माहीत होतं? मला माहीत नाही, एवढे तीन शब्द मी बोलले असते तर आज हे लिहायची वेळ आली नसती. पण कॉलेजात तीस वर्षं काढलेली मी, आणि सातवीत शाळा सोडलेला तो. त्याच्यापुढे मला माहीत नाही असं म्हणायची मला सवय नव्हती.

घटस्थापनेच्या आदल्या दिवशी उलट त्याचाच फोन आला. दादा आपणहून कधी फोन करत नाही. आवाजात आनंद मावत नव्हता. "ये बघायला. तुझ्या झाडाचं काम करून टाकलं. आता फळ आलंच म्हणून समज."

मी नवऱ्याच्या डोळ्यात थेंब घातले, शेजारणीला पुढचे थेंब समजावून सांगितले आणि स्कूटीवर निघाले. तासाभराची वाट, पण मला ती संपता संपेना. मळ्यात पोचले तर माणसं कामाला लागलेली, मळ्याची छाटणी चालू. दादा काठावर ट्यूब घेऊन उभा. लहानपणीसारखीच फळी टाकलेली. साठी ओलांडलेली मी आणि सत्तरीला टेकलेला तो, दोघं हात धरून तिच्यावर बसलो. मला वाटलं, आता पिकलेलं फळ दाखवणार.

बेटावर गवराईचं झाड उभं होतं, म्हणजे त्याचे सोट उभे होते. सगळ्या फांद्या दोन-दोन डोळे, म्हणजे कोंब, राखून सफाईने छाटलेल्या. प्रत्येक कापावर मोरचूद आणि चुन्याची निळी पेस्ट, बोटाने नीट लावलेली. खाली आळं केलेलं, शेणखत घातलेलं. एक पान झाडावर नव्हतं.

"फळछाटणी केली," दादा म्हणाला. "माणसाला हात लावू दिला नाय. सोता केली."

आमच्याकडे द्राक्षाची छाटणी वर्षातून दोनदा होते. उन्हाळ्यात एक, ती काडी तयार होण्यासाठी. दसऱ्याच्या आगेमागे दुसरी, ती फळासाठी. ही दुसरी केली नाही तर वेल नुसती पाल्यावर जाते, घड येत नाही. हे आमच्या भागात पाळण्यातल्या पोरालाही ठाऊक असतं. दादाने आयुष्यभर फळ आणलं ते असंच. बहिणीला फळ हवं होतं, झाडावर फळ दिसत नव्हतं, आणि छाटणीचे दिवस सरत चालले होते. त्याने काय करायला हवं होतं?

"फुलं समदी वाळून गेली," तो सांगत होता. "एक फळ धरलं नाय. लाकूड लय म्हातारं झालं व्हतं गं. आता बघ, पंधरा दिवसात कसं फुटतं."

"फांद्या कुठे आहेत?"

"मळ्यात. टाकल्या वळीत, आच्छादनाला."

परत कशी आले ते आठवत नाही. चपला बेटावरच राहिल्या. मळ्याच्या नदीकडच्या कडेला, शेवटच्या ओळीत, वेलींच्या बुडाशी गवराईच्या फांद्या पसरल्या होत्या. पानं सुकायला लागली होती, कैरीचा वास अजून येत होता. मी गुडघ्यांवर बसून एक वाळकं फूल खुडलं. त्याची हिरवी टोपी नखाने सोलली. आत वाटाण्याएवढं, पांढुरकं लवदार फळ होतं. दुसरी टोपी सोलली. आत फळ. तिसरी. सगळ्याच वाळक्या फुलांत फळ होतं. फुलाच्या टोपीत लपून ते वाढत होतं, बाहेरून कुणालाच दिसलं नसतं. मलाही दिसलं नसतं. अजून तीन-चार आठवड्यांत पिकलं असतं.

दादा मागे येऊन उभा राहिला होता. मी तळहात त्याच्यापुढे धरला. त्याने फळाकडे पाहिलं, मग स्वतःच्या निळ्या बोटांकडे पाहिलं. छाटणीची माणसं हातातली कातर थांबवून बघत होती.

"अडाणी तो अडाणीच राहिलास!" मी ओरडले. "शेवटचं झाड होतं! कुणाला विचारायचं तरी होतंस!"

त्याने मला विचारलं होतं. हे त्याला आठवत होतं आणि मलाही. तो एवढंच म्हणाला, "बरं." आणि निळी बोटं लेंग्याला पुसत विहिरीकडे निघून गेला.

मी वेचता येतील तेवढ्या टोप्या वेचल्या. कितीतरी मातीत, पाल्यात, पाचटाखाली गळून गेल्या होत्या, त्या सापडल्या नाहीत. घरी आणून वर्तमानपत्रावर वाळवल्या. आतलं बी पांढरं, पोचट. ओल्या टिपकागदात ठेवलं तर बुरशी धरली. छाटलेल्या काड्याही आणल्या होत्या, गुलाबाच्या लावतात तशा कुंड्यांत लावल्या. सगळ्या कुजल्या. दादानेही द्राक्षाच्या रोपवाटिकेत काड्या लावल्या होत्या, त्याही कुजल्या, असं वहिनीकडून कळलं. मी त्याच्याशी बोलत नव्हते. त्या वर्षी भाऊबीजेला गेले नाही. जन्मात पहिल्यांदा. नवरा म्हणाला, "झाड काय, पुन्हा फुटेल. जाऊन ये." मी त्यालाही बोलले.

झाड फुटलं मात्र. दादा म्हणाला होता तसंच, पंधरा दिवसांत. वहिनी फोटो पाठवायची, लुसलुशीत हिरवे फुटवे. मी फोटो पुन्हा पुन्हा मोठा करून बघायची आणि उत्तर द्यायची नाही. मनात हिशेब चालू असायचा. आता भाद्रपद, मग फूल, मग टोपीतलं फळ, आणि या वेळी मी स्वतः बेटावर जाऊन बसेन. मॅडमना तसं कळवलंही. त्यांनी लिहिलं, "तुमच्या चिठ्ठीत फळाचा रकाना अजून तसाच आहे." त्या आता निवृत्त होऊन मुलीकडे राहतात, तरी त्यांच्या ते लक्षात होतं.

भाद्रपद यायच्या आधी पूर आला. तसे पूर आम्ही पुष्कळ पाहिले आहेत. जुनं, जाड खोडाचं झाड होतं तोवर पाण्याखाली जायचं आणि पुन्हा वर यायचं, अंगावर गाळ आणि चिंध्या घेऊन. या वेळी त्याच्या अंगावर सगळी कोवळी काडी होती. पाल्याचा भार मोठा आणि धरायला लाकूड नाही. वरून पाणवेलीचा तराफा आला, पुलाला अडला, फुगला, मागे सरला आणि बेट मुळापासून विंचरून गेला. पाणी उतरल्यावर वहिनीचा फोन आला. "वन्सं, बेट हाय. झाड नाय." मग म्हणाली, "हे दोन दिस जेवले नायत."

मी गॅलरीत जाऊन रडले. झाडासाठी रडले, आणि तो जेवला नाही हे ऐकून जास्त रडले. पण फोन केला नाही. त्याला अडाणी म्हणणारी मी, काय तोंडाने बोलणार होते? पहिली भाऊबीज मी रागाने चुकवली होती, दुसरी लाजेने चुकवली. राखी पोस्टाने पाठवली. तिकडून साडी आली, तीही पोस्टाने.

आणि मग मला वेडच लागलं म्हणा. पाणी उतरलं की मी स्कूटी काढायची आणि गोदावरीच्या काठाने हिंडायची. जिथे पात्रात बेट दिसेल तिथे थांबायचं, कुणी होडीवाला भेटला तर त्याला मस्का लावायचा. दारणा जिथे मिळते त्याच्या वर-खाली, पार बंधाऱ्यापर्यंत. पेटारी सगळीकडे होती. दिसेल त्या बदामी पानाला हात घालायची, चुरगळायची, वास घ्यायची. कैरीचा वास कुठेच आला नाही. लोक विचारायचे, "मावशी, काय हारवलं?" मी म्हणायची, "झाड." ते हसायचे. एकाने तर मला पाणी प्यायला दिलं आणि सावलीत बसवलं.

गेल्या उन्हाळ्यात वहिनीशी फोनवर बोलताना ती सहज म्हणाली, "तुमच्या भावाला आता काय सांगावं! नदीकडची वळ पडीक ठेवलीय. खुरपू देत नाय, औषीद मारू देत नाय. वेली वाळाय लागल्या. तणात रोग वाढतो, बाजूच्या वळीबी खराब करू ऱ्हायला. लोक म्हणत्यात, म्हाताऱ्याला मळा झेपंना."

"कुठली ओळ?" मी विचारलं, पण मला कळलं होतं. ज्या ओळीत फांद्या टाकल्या होत्या ती. एखादी टोपी पिकलेली असेल, एखादं बी मातीत गेलं असेल, या आशेवर आमच्या दादाने, ज्याच्या मळ्यात गवताची काडी दिसायची नाही त्याने, एक अख्खी ओळ तणाला दिली होती. दीड वर्ष. मला एका शब्दाने न सांगता.

या वर्षी पोळ्यानंतर तिसऱ्या दिवशी त्याचा फोन आला. "वळीत काहीतरी उगवलंय. ये." आणि फोन बंद.

मी निघाले ती नवऱ्याला नीट सांगूनही निघाले नाही. मळ्यात शिरले तर दादा शेवटच्या ओळीच्या तोंडाशी बाजेवर बसला होता. वाळला होता. मला बघून उठला, पण पुढे आला नाही. दोन वर्षांनी समोरासमोर आलो होतो. तोच म्हणाला, "चपला घालून चल. सराटे हायत."

ओळीत कंबरभर तण होतं. मधोमध चार बांबूच्या काठ्या रोवून, जुन्या साडीचा आडोसा करून एक रोप राखलेलं. वीतभर उंच. बदामाच्या आकाराचं मऊ पान. मी खाली बसले. पान तेच. लव तीच. देठाचा रंगही तसाच वाटला. एक पान खुडलं, चुरगळलं आणि नाकाशी नेलं.

ओल्या गवताचा वास. बाकी काही नाही.

मी पुन्हा चुरगळलं. पुन्हा वास घेतला. दादा वर उभा होता. त्याने विचारलं, "येतो का वास?"

त्याच्या तोंडाकडे बघवेना. दोन वर्षं त्याने ही ओळ राखली होती, लोकांचं बोलणं खाल्लं होतं. "येतोय," मी म्हटलं. "थोडा. रोप लहान आहे ना अजून. मोठं झालं की येईल."

दादा माझ्या शेजारी उकिडवा बसला. माझ्या हातातलं चुरगळलेलं पान घेतलं, वास घेतला आणि टाकून दिलं.

"पेटारी हाय ती," तो म्हणाला. "दुसऱ्या पानालाच कळलं मला. पन्नास वर्सं तण उपटतोय मी."

"मग मला बोलावलंस कशाला?"

"तू आली असतीस का नाय तर?"

मी त्याचा हात धरला. नखांच्या कडेला अजूनही मोरचुदाचा निळा रंग होता, तो छाटणीवाल्यांच्या नखांतून कधी जातच नाही. "दादा," मी म्हटलं, "फळ कसं दिसतं हे मलाही माहीत नव्हतं. तू विचारलंस तेव्हा. मी उगाच ओरडले."

"ठाऊक हाय," तो म्हणाला. "माहीत असतं तर तू तासभर सांगत बसली असतीस."

मला हसू आलं आणि रडूही आलं. वहिनी बांधावरून हाका मारत होती, चहा गार होतोय म्हणून. चार दिवसांवर गवराई आली होती, आणि घरात या वर्षीही तेरडाच होता. मी उठताना त्या पेटारीला हात घातला, निदान ओळ तरी मोकळी होईल म्हणून. दादाने माझं मनगट धरलं.

"राहू दे," तो म्हणाला. "अजून काय काय उगवतं ते बघाया तुला यावं लागंल."